चौथ्या सीटवरचं चीज

(संध्याकाळची टिटवाळा फास्ट. ठाणं नुकतंच सुटलंय. खिडकीशी शहाडचे निवृत्त काका, शेजारी मांडीवर स्टीलचा डबा घेतलेला तरुण, पलीकडे मान टाकून झोपलेले गृहस्थ, चौथ्या सीटवर अर्धे टेकलेले आणखी एक. तरुण डब्याचं झाकण किंचित उघडतो.)

झोपलेले गृहस्थ : (दचकून बॅग उचलत) शहाड आलं?

काका : बसा हो, अजून मुंब्रा नाही आलं. ह्या डब्याचा वास आहे तो, शहाडच्या रेयॉन कारखान्याचा नव्हे.

(गृहस्थ डब्याकडे बघतात आणि दाराशी जाऊन उभे राहतात. मागोमाग चौथ्या सीटवालेही.)

काका : चला, ऐसपैस झालं. काय मेलंय त्यात?

तरुण : चीज आहे, काका. मी स्वतः बनवलंय. दादरला एका हॉटेलात नमुना दाखवायला नेलं होतं.

काका : मग?

तरुण : शेफने खिडकी उघडली.

काका : अरे, चीज म्हणजे ते चौकोनी. नातू सँडविचवर किसून घेतो. त्याला कुठे वास असतो?

तरुण : ते प्रोसेस्ड. तयार चीज वितळवायचं, क्षार घालायचे, परत साच्यात ओतायचं. हे जिवंत आहे. दर दोन दिवसांनी मिठाच्या पाण्याने पुसतो, म्हणजे सालीवर जिवाणू वाढतात. ते लिंबर्गर असंच करतात. माणसाच्या पायांना वास येतो ना, त्याच घराण्यातले जिवाणू.

काका : आधी सांगायचंस. मोजे दिले असते.

तरुण : हसू नका. फ्रान्समध्ये रोकफोर डोंगराच्या गुहांत पिकवतात. पावावर बुरशी वाढवायची आणि ती मेंढीच्या दुधाच्या चीजमध्ये सोडायची.

काका : आमच्याकडे पावाला बुरशी दिसली की आमची ही बेकरीवाल्याच्या सात पिढ्या काढते.

तरुण : आणि इटलीचं पार्मेजान! साधारण ५५० लिटर दूध, तेव्हा कुठे ४० किलोच्या आसपासचं एक चाक. निदान १२ महिने फळीवर. तपासनीस हातोडीने ठोकतो आणि नुसत्या आवाजावरून सांगतो, आत भेग आहे की नाही. क्रेडिटो एमिलियानो नावाची बँक तर ही चाकं तारण ठेवून कर्ज देते.

काका : तारण? चीज?

तरुण : गोदामं आहेत त्यांची. चाकं पुसायला, उलटीसुलटी करायला माणसं ठेवलीत.

काका : हिच्या पाटल्या ठेवल्या होत्या मी बँकेत. कोणी फडकं नाही मारलं.

तरुण : नॉर्वेचं ब्रूनोस्ट ऐका. चीज काढल्यावर जे पाणी उरतं, ते बदामी होईपर्यंत आटवतात. साखर आणि चरबी इतकी, की २०१३ साली तिथल्या बोगद्यात २७ टन ब्रूनोस्टचा ट्रक पेटला, तो काही दिवस विझेचना! आणि आपल्या मुंबईच्या मौसम नारंग यांच्या एलेफ्थेरिया चीजने तेच ब्रूनोस्ट केलं, तर २०२१ च्या जागतिक स्पर्धेत रौप्यपदक. स्पेनमध्ये.

काका : पदार्थ नॉर्वेचा, बाई मुंबईची, पदक स्पेनमध्ये. आणि तू दादरहून परत. पिकवतोस कुठे?

तरुण : फ्रिजमध्ये. भाजीच्या कप्प्यात.

काका : तापमान?

तरुण : कोथिंबीर ताजी राहते तेवढं.

काका : (सरसावून बसत) हे बघ, मी त्याच रेयॉन कारखान्यात व्हिस्कोस खात्याला जन्म काढला. लाकडाचा लगदा कॉस्टिकमध्ये भिजवायचा, कुस्करायचा, मुरत ठेवायचा. मग कार्बन डायसल्फाइड. पातळ झालं की टाक्यांत पिकवायचं. कच्चं राहिलं तर धागा नीट धरत नाही, जास्त पिकलं तर टाकीतच गोठतं. म्हणून दर पाळीला किती पिकलं त्याचा हॉटनरॉथ नंबर काढायचा. तयार झालं की बारीक भोकांतून ॲसिडमध्ये सोडायचं. ॲसिड लागलं की धागा घट्ट.

तरुण : अहो, हे तर पनीर झालं!

काका : पनीर नाही, साडी झाली. तुझा नंबर कसा काढतोस?

तरुण : अंगठा दाबून बघतो.

काका : रजिस्टर?

तरुण : नाही.

काका : रात्रपाळीला कोण?

तरुण : कोणीच नाही. लाइट गेली तर आई बर्फ ठेवते.

काका : म्हणजे आई सुपरवायझर आणि ऑपरेटर गैरहजर. आण एक तुकडा. थांब, घट्ट कशाने करतोस?

तरुण : रेनेटने. पूर्वी वासराच्या पोटातलं...

(काकांचा हात जागच्या जागी थांबतो.)

तरुण : ...माझं बुरशीपासून केलेलं आहे. शुद्ध शाकाहारी.

काका : वाक्य उलटं बोलत जा. शहाडच्या विठ्ठलमंदिरात रोज जातो मी. (तुकडा तोंडात टाकून, डोळे मिटून) बाहेरून पुढे गेलंय, आत कच्चं. गारठा जास्त पडतोय. मीठ बरोबर आहे.

तरुण : शेफने एवढं सांगितलं नाही हो! काका, याल का माझ्याकडे? पगार मात्र नाही जमायचा.

काका : कँटीन?

तरुण : चीज.

काका : सेफ्टी बूट?

तरुण : बाबांच्या स्लिपर आहेत.

काका : बोनस?

तरुण : नमुना पास झाला तर.

काका : मग आधी युनियन. मी सेक्रेटरी. मागणीपत्र तुझ्या आईला देतो.

(कल्याण मागे पडतं. शहाडला गाडी थांबते. काका हलत नाहीत.)

तरुण : काका, तुमचं स्टेशन!

काका : बस खाली. तो कप्पा बघितल्याशिवाय झोप नाही लागायची. (फोन लावून) हॅलो, जेवायला थांबू नकोस. थर्ड शिफ्ट लागलीय... हो, रिटायर झालोय, माहीत आहे मला... नाही, पगार नाही. चीज देतायत... अगं, ते चौकोनी नव्हे!