गडावरचं मोडलेलं लग्न

अहो, जरा कुंपणाजवळ या ना. ऐकलंत का? काल आमच्या भाच्यानं मला मोबाइलवर सिनेमा दाखवला. कुणी एक जांभळ्या तोंडाचा दांडगट. सहा खडे गोळा करतो, हातमोज्यात बसवतो, चुटकी वाजवतो आणि अर्धं जग गायब! "मामी, बघ कसली पॉवर आहे!" म्हणे. मी म्हटलं, बाळा, तो फोन ठेव आणि गच्चीवर चल. तो समोर सप्तशृंगीचा गड दिसतो ना, तिथं हे सगळं कधीच होऊन गेलंय. एकही खडा न लागता. तोंड एवढंसं झालं हो त्याचं.

आता आपल्या गडावरच्या त्या महिषासुराच्या घरचं तुम्हाला मी काय सांगायचं. बाप रंभ असुर, आणि आई... जाऊ द्या, दुसऱ्याच्या संसारात आपण कशाला डोकवा. पण बाप म्हशीवर भाळला, हे देवीभागवतात लिहिलंय, मी पदरचं घालत नाही. तर पोरगं तपाला बसलं. ब्रह्मदेव प्रसन्न झाला, माग म्हणाला. यानं मागितलं काय, तर पुरुषाच्या हातून मरण नको. बाईचं काय? तर हा हसला. बाई मला काय मारणार! तिथंच घोडं पेंड खातं हो यांचं, आजही.

मग काय, देवांशी शंभर वर्षं भांडण. इंद्राची खुर्ची गेली. सूर्य, अग्नी, वायू, यम, वरुण, सगळ्यांची खाती यानं आपल्याकडे घेतली. म्हणजे ऊन पडायचं ते याच्या हुकुमानं, वारा सुटायचा तो याच्या हुकुमानं. भाच्याच्या त्या जांभळ्यानं निदान अर्धं जग तरी सोडलं होतं! देव बिचारे विष्णू आणि शंकरांपुढे जाऊन उभे राहिले, माना खाली. ऐकून दोघांचे चेहरे असे तापले म्हणता, कपाळाला आठ्या, आणि तोंडातून तेजच बाहेर पडायला लागलं. त्या दोघांचं बघून बाकीच्यांचंही. सगळं एका जागी गोळा झालं आणि त्यातून उभी राहिली आपली भगवती.

मग आहेर सुरू. शंकरांचा त्रिशूळ, विष्णूंचं चक्र, वरुणाचा शंख, वायूचं धनुष्य, इंद्राचं वज्र आणि वर ऐरावताच्या गळ्यातली घंटा. यमानं दंड दिला, विश्वकर्म्यानं परशू. हिमालयानं सिंहच आणून बांधला दारात. आणि कुबेरानं काय दिलं, माहितीये? हळू बोलते... प्याला. भरलेला! रिकामा नाही. सासूबाई हे सांगताना नेहमी पदर तोंडाला लावायच्या.

तर काय सांगत होते... हां, लग्नाचं. तिनं अशी गर्जना केली की महिषासुराचा दरबार हादरला. कोण ओरडतंय बघून या, म्हणून माणसं धाडली. ती परत आली ती डोळे विस्फारून. महाराज, अठरा हातांची बाई आहे, सिंहावर बसलीय, नवरा कुठं दिसत नाही आणि रूप तर विचारू नका! झालं. स्वारी खूश. लढाई राहिली बाजूला, स्थळ सांगून पाठवलं. अहो खरंच! प्रधान गेला, मग तो ताम्र गेला, आमचे महाराज असे, आमचं राज्य एवढं, राणी होशील. आणि तिनं काय निरोप दिला, ऐका. तुमच्या महाराजांना सांगा, त्याच्या आईसारखी मला शिंगं नाहीत, शेपूट नाही, मी गवतही खात नाही, तेव्हा हे स्थळ जमायचं नाही. पाताळात जा, नाहीतर लढायला ये. तो ताम्र परत निघाला तेव्हा त्याचं तोंड कसं झालं असेल, डोळ्यांपुढे आणा जरा. कांद्याचा भाव पडल्यावर मार्केटातून परत येणाऱ्या माणसाचं होतं ना, तसं.

पुढची लढाई तुम्हाला पाठच आहे. कधी रेडा, कधी सिंह, कधी तलवारवाला माणूस, कधी हत्ती, पुन्हा रेडा. पकडावं तर हा दुसराच! ती मात्र मध्येच थांबली, प्याल्यातलं घोटभर घेतलं, आणि म्हणाली, घे ओरडून माझं पिऊन होईतो. काय तो थाट! मग त्याच्या गळ्यावर पाय दिला आणि त्रिशूळ. डोंगराला आरपार भोक दिसतं ना, ते त्याच घावाचं, असं आपल्याकडे सगळेच सांगतात.

मला राग कशाचा येतो सांगू? काम झालं, देवांनी स्तुती गायली आणि गेले आपापल्या खुर्च्यांवर. ती इथंच, कपारीत उभी. आणि मान तेवढी कललेली, समोरच्या डोंगरावरून मार्कंडेय ऋषी पाठ म्हणतात तो ऐकायला. तेरा अध्याय, सातशे श्लोक! आमच्या ह्यांना माझी सात वाक्यं धड ऐकवत नाहीत.

बाकी तिचा थाट कमी नाही हं. नेसायला अकरा वारी, चोळीला तीन खण. खानदेशातले लोक चैत्रात उन्हातान्हात चालत येतात, खानदेश तिचं माहेर म्हणतात ना. दोन हजार बावीसला नाही का तिच्या मूर्तीवरचा शेंदूर उतरवला? हजार किलोच्या वर निघाला म्हणे. जुलैत दर्शन बंद झालं ते घटस्थापनेला उघडलं. कोपऱ्यावरच्या काकू पहिल्याच दिवशी गेल्या आणि परत येऊन गप्पच बसल्या. आम्ही म्हटलं, काय हो, झालं काय? तर म्हणाल्या, अगं, इतकी वर्षं बघितलेलं तोंड वेगळं, हे वेगळं, मला ओटी भरायचंच सुचेना. मग पुढच्याच मंगळवारी पुन्हा गेल्या म्हणा.

आणि लोक म्हणतात वणीची देवी! गड कळवण तालुक्यात, आपली वणी दिंडोरीत. पण नाव आपलं लागलं, ते कशाला सोडा.

भाचा म्हणतो, मामी, उद्या गडावर जाऊ. २०१८ पासून ती ट्रॉली झालीय, तीत बसायचंय त्याला. मी म्हटलं, बस तू. मी पायऱ्यांनीच येणार. खाली महिषासुराचं डोकं आहे ना, सासूबाई आधी त्याला कुंकू लावायच्या, मग पहिल्या पायरीवर पाय. मी विचारलं होतं एकदा, याला कशाला हो? तर म्हणाल्या, स्थळ मोडलं तरी पाहुणा आपल्या दारातला आहे. तुम्ही येताय का? साडेसहाला निघू, नांदुरीला चहा घेऊ.