कथा, पटकथा, संवाद आणि सतरंज्या

आमच्या चिखलीच्या डायरेक्टरसाहेबांच्या लघुपटात श्रेयनामावली दोन मिनिटं चालते आणि तीत नाव एकच असतं. कथा, पटकथा, संवाद, छायाचित्रण, संकलन, संगीत, निर्माता, नायक. खेळाला सतरंज्या अंथरणारेही तेच, पण ते लिहीत नाहीत. एवढा विनय त्यांच्यात आहे.

पोट भरतं लग्नाच्या शूटिंगवर. "एखादा माणूस हाताशी घ्या ना," म्हटलं की दाखला तयार: "फाळक्यांनी 1913 साली 'राजा हरिश्चंद्र' काढला, तवा कोन होतं त्यायच्यापाशी?" होत्या ना, सरस्वतीबाई! फिल्मला भोकं पाडत आणि अख्ख्या मंडळींचा स्वयंपाकही करत. हा भाग साहेब घरी मोठ्यानं वाचून दाखवतात. वहिनी ऐकून घेतात आणि शूटिंगच्या उजेडासाठी उन्हात धरलेला थर्माकोल मुकाट्यानं खाली ठेवतात. मग साहेब मेक्सिको गाठतात. आल्फोन्सो क्वारॉननं 'रोमा' लिहिला, कॅमेराही स्वतःच धरला आणि 2019 साली दिग्दर्शनाचं नि छायाचित्रणाचं, दोन्ही ऑस्कर नेली. त्याला लग्नांच्या ऑर्डरी सांभाळाव्या लागत नव्हत्या, हे कोण सांगणार?

खरी पंचाईत वेगळीच. एका अंगात एवढे अधिकारी, आणि त्यांचं आपसात पटत नाही. दिग्दर्शकाला ड्रोन हवा असतो. निर्माता म्हणतो, लग्नसराई उरकू दे. संकलक सूर्यास्त कापायला बसला की छायाचित्रकार आडवा येतो. म्हणून साहेबांचा लघुपट पावणेदोन तासांचा.

लोणारला तर निसर्गानंच दगा दिला. अर्धं चित्रण झालं, पैसे संपले आणि 2020 च्या जूनमध्ये सरोवराचं पाणी गुलाबी झालं. नायिका हिरव्या पाण्याकाठी रुसली ती गुलाबी पाण्याकाठी हसली. शास्त्रज्ञांनी खाऱ्या पाण्यातल्या सूक्ष्मजीवांकडे बोट दाखवलं. साहेबांनी लगेच एक गाणं घातलं.

शेवटी आईच्या मरणाचा प्रसंग होता. भूमिकेत सख्खी आई. "मले आता मराले सवड नाही बाप्पा, सोयाबीन निघू दे," ती म्हणाली. सोयाबीन निघालं, तर कापूस वेचायला आला. अखेर पटकथाकारानं मरण रद्द करून तिला शेगावच्या दर्शनाला धाडलं. या बदलाला निर्मात्यानं प्रथमच एका बोलात मंजुरी दिली. तेरवीच्या पंगतीचा खर्च वाचला होता.