कानसेन

नाशकात हॉकी पाहणारे मोजके आणि ऐकणारे त्याहून मोजके. गाव क्रिकेटचं. गोल्फ क्लबच्या मैदानावर सकाळी चालायला येणाऱ्यांत कोहलीचा पाय कुठे चुकला हे सांगणारे पावलोपावली भेटतात. हॉकीचा विषय काढलात, तर गाडी थेट पुण्याला खडकीत धनराज पिल्लेपाशी जाते आणि तिथंच बंद पडते.

तरी प्रत्येक वसाहतीत हॉकी ऐकणारा एक तरी गृहस्थ असतोच. सिडकोत त्याला नाना म्हणतात, पंचवटीत भाऊ, आमच्या जेलरोडला अण्णा. (जेलरोडला राहतो म्हटलं की परगावचे पाहुणे आधी दचकतात. पण इथं कैद्यांपेक्षा प्रेसमधून निवृत्त झालेली माणसं जास्त.) अण्णाही प्रेसचेच. हयात नोटांच्या छपाईत गेली. तरी मोबाइलचा रिचार्ज 28 दिवसांचा मारायचा की 84 दिवसांचा, यावर घरात दोन दिवस खल चालतो.

हॉकी बघायची नसते, ऐकायची असते, हा अण्णांचा सिद्धान्त. त्याला त्यांच्याकडे पुरावे आहेत. 15 मार्च 1975, शनिवार, क्वालालंपूर. विश्वचषकाची अंतिम लढत, समोर पाकिस्तान. ती त्यांनी रविवार कारंज्यावर रेडिओ दुरुस्तीच्या एका दुकानासमोर उभं राहून ऐकली. रेडिओ बाळगायला पोस्टातून लायसन्स काढावं लागायचं, तो काळ. आपण 2-1 ने जिंकलो. 1980 मध्ये मॉस्कोला अंतिम सामन्यात स्पेनला 4-3 ने हरवून सुवर्ण मिळालं, तेही ऐकलं. मग 1982 साली दिल्लीत आशियाई खेळ आले, देशात रंगीत टीव्ही आला आणि शेजाऱ्यांच्या घरी चपला काढून अण्णा पहिल्यांदा हॉकी बघायला बसले. पाकिस्तानने सात गोल केले, आपण एक. अण्णा उठले, चपला घातल्या आणि घरी आले. तेव्हापासून त्यांनी जाणूनबुजून हॉकीचा सामना पाहिलेला नाही.

मॉन्ट्रियलला 1976 साली ऑलिंपिक हॉकी प्रथमच कृत्रिम हिरवळीवर गेली, आपण सातवे आलो आणि मनगटाच्या कलाकुसरीवर चालणारा आपला खेळ मागे पडला, हे जाणकारांचं कारण अण्णांना ठाऊक आहे. ते त्यांना मान्यही आहे. फक्त त्यांच्या लेखी ते दुय्यम आहे. मुख्य कारण टीव्ही.

क्वालालंपूरची गोष्ट मात्र ऐकावी ती त्यांच्याच तोंडून. कारंज्यावरची गर्दी दर वर्षी थोडी वाढते. आताशा ती मेन रोडपर्यंत पोचली आहे. उपांत्य सामन्यात यजमान मलेशिया पुढे, वेळ संपत आलेली, अशात अस्लम शेरखान बदली म्हणून उतरतो आणि पेनल्टी कॉर्नरवर बरोबरी साधतो. इथं अण्णा चहाचा कप खाली ठेवतात. जादा वेळेत हरचरणसिंगचा गोल आणि 3-2. अंतिम सामन्यात पाकिस्तानचा पहिला गोल, सुरजितसिंगची बरोबरी आणि मग ध्यानचंदांचा मुलगा अशोककुमार. त्याचा गोल झालाच नव्हता, चेंडू खांबाला लागून बाहेर आला, असा पाकिस्तानचा दावा होता. पंचांनी गोल दिला. अण्णांनीही दिला. ‘‘आतल्या बाजूला लागला होता,’’ ते ठामपणे सांगतात, ‘‘आवाजावरून कळतं.’’

रेडिओवरच्या समालोचनाचा हा आवाज जसदेवसिंगांचा. त्यांच्या हिंदीने अण्णांवर असा काही संस्कार केला आहे, की प्रेसमध्ये साहेबांपुढे अडखळणारी त्यांची हिंदी कॉमेंट्रीत मात्र घरंदाज होते. भाजीबाजारात काकू पुढे आणि पिशवी घेऊन अण्णा मागे असे निघाले, की काकूंनी मेथीवाल्याला चकवून कोथिंबिरीकडे मारलेली मुसंडी ते पुटपुटत्या आवाजात प्रसारित करतात. घासाघीस फिसकटली, तर ‘‘और ये मौका भी हाथ से निकल गया!’’

आता साधनसामग्री. ट्रान्झिस्टर एक, पाठीमागचं झाकण रबरबँडने बांधलेलं. त्याचे सेल संपले तरी संपत नाहीत; ते गच्चीवर उन्हात ठेवले जातात, दाताने जरासे चेपले जातात आणि पुन्हा आत जातात. एरियलच्या टोकाला तांब्याची तार, तारेचं दुसरं टोक खिडकीच्या गजाला. मीडियम वेव्हचं स्टेशन धरायला सेट कोणत्या तोंडाने ठेवायचा, याचं त्यांचं शास्त्र आहे. संपूर्ण घरात खरखर सर्वांत कमी कुठे, तर स्वयंपाकघरात, ओट्याच्या उजव्या कोपऱ्यात, मिसळणाच्या डब्याशेजारी. त्यामुळे मोठे सामने तिथंच होतात.

एकदा पेनल्टी कॉर्नर घ्यायची वेळ, सगळं शांत, आणि शिट्टी वाजली.

‘‘पंचांनी थांबवलं!’’ अण्णा ओरडले. ‘‘काय झालं असेल?’’

‘‘भात,’’ काकू म्हणाल्या. ‘‘सरका, गॅस बंद करू द्या.’’

काकूंना हॉकीचा एकच नियम पसंत पडलेला नाही. पूर्वी पस्तीस-पस्तीस मिनिटांचे दोन हाफ असत, मध्ये एक चहा. 2014 पासून पंधरा मिनिटांचे चार भाग झाले आणि चहा तीन.

ट्रान्झिस्टरवर सामना लागेलच याची खात्री उरली नाही, म्हणून अण्णांनी इतर वाटा शोधून ठेवल्या आहेत. मोबाइलवर आकाशवाणीचं अ‍ॅप आहे. डीडी फ्री डिशवर आकाशवाणीची केंद्रं लागतात, तेव्हा टीव्हीही चालतो. त्यावर त्या वेळी चित्र हलत नाही, म्हणून तो अण्णांच्या धर्मात बसतो. काहीच नसेल, तर सामना दाखवणारं अ‍ॅप लावायचं आणि मोबाइल ओट्यावर पालथा घालायचा. नातू म्हणतो, ‘‘आजोबा, एवढं एचडी चित्र आहे!’’ अण्णा म्हणतात, ‘‘असू दे. आवाज मोठा कर.’’

यातून इमारतीत एक घोळ होतो. आकाशवाणीची लहर थेट येते, डिशवरचं चित्र काही सेकंद मागे आणि मोबाइलवरचं त्याच्याही मागे. म्हणजे ट्रान्झिस्टरवर कॉमेंट्री असली, की एकच गोल आमच्याकडे तीन हप्त्यांत होतो. आधी अण्णांची आरोळी, मग तिसऱ्या मजल्यावरचा जल्लोष, शेवटी पार्किंगमधल्या पोरांचा. ती पोरं आता अण्णांच्या खिडकीकडे बघूनच टाळ्या पिटतात.

अण्णांचा भाचा टोरांटोला असतो. ‘‘मामा, इथे सगळे हॉकीवेडे आहेत,’’ म्हणून त्याने रेडिओच्या समालोचनाची लिंक पाठवली. तिकडे हिवाळ्यात संध्याकाळी सातला सामना सुरू झाला, की इकडे पहाटेचे साडेपाच. अण्णा आंघोळ करून बसले. हॉकी निघाली बर्फावरची. एका वेळी मैदानात सहा-सहा खेळाडू, वीस-वीस मिनिटांचे तीन भाग, चेंडूऐवजी रबराची चकती आणि मारामारी केली तर पाच मिनिटं बाहेर. ‘‘फक्त पाच मिनिटं?’’ अण्णा म्हणाले. ‘‘सोसायटीच्या वार्षिक सभेला हाच नियम लावा.’’ इंग्रजी झेपेना, तेव्हा भाच्याने 2008 पासून तिकडे पंजाबीतही कॉमेंट्री होते हे शोधून दिलं. हरनारायणसिंग नावाचा कॅनडात जन्मलेला सरदार चकतीमागे असा धावतो, की अण्णांना जसदेवसिंगांचा धाकटा भाऊ सापडल्यासारखं झालं. टोरांटोच्या संघाने 1967 नंतर स्टॅन्ली कप जिंकलेला नाही, हे कळल्यावर तर त्यांनी तो संघ दत्तकच घेतला. ‘‘आपलं दुःख यांना समजेल,’’ म्हणाले.

एवढं ऐकून पदरात काय पडलं, असं विचारू नका. टोकियोत बेल्जियमविरुद्धच्या उपांत्य सामन्याला अण्णा पाणी प्यायला बाहेरच्या खोलीत आले, नजर टीव्हीकडे गेली, आणि आपण 5-2 ने हरलो. 5 ऑगस्ट 2021 ला सकाळी सात वाजता कांस्यपदकासाठी जर्मनीशी गाठ पडली, तेव्हा काकूंनी स्वयंपाकघराला बाहेरून कडी घातली. 5-4 असे पुढे, शेवटची सहा सेकंदं, जर्मनीला पेनल्टी कॉर्नर. गोलरक्षक श्रीजेशने अडवला आणि 41 वर्षांनी ऑलिंपिक पदक आलं. बाहेर सगळे नाचत होते. अण्णा आतून दार वाजवत होते. पॅरिसला 2024 मध्ये स्पेनला 2-1 ने हरवलं, तेव्हाही कडी होतीच. श्रीजेशला देशाने खांद्यावर घेतलं ते योग्यच झालं. कडीचा उल्लेख मात्र कुठल्याही पेपरात आला नाही.

तुमच्या इमारतीत असा एखादा कानसेन असेल, तर एक विनंती. सामन्याच्या दिवशी आग्रह करकरून त्यांना मोठ्या टीव्हीसमोर बसवू नका. ऑगस्ट 2026 चा विश्वचषक नेदरलँड्स आणि बेल्जियममध्ये आहे. आपण तो एकदाच जिंकलो, 1975 मध्ये, आणि तो बहुतेक भारताने रेडिओवरच ऐकला होता. सेलची एक नवी जोडी नेऊन द्या, म्हणजे झालं.