अंबरनाथच्या गाळ्यातून बदलापूरच्या शेठना खुले पत्र

सन्माननीय शेठ,



बदलापूर पूर्वेचं आपलं चार विंगांचं संकुल कधीच उभं राहिलं. लोक राहायला आले, सोसायटी झाली, जिन्यांच्या रेलिंगला दुसऱ्यांदा रंगही लागला. ती रेलिंगं, ग्रिलं आणि गेटं आमच्या आनंदनगर एमआयडीसीतल्या गाळ्यात तयार झाली. त्यांचं बिल अजून आपल्याकडेच आहे. दुसऱ्याची वस्तू इतकी वर्षं इतकी जपून कोण ठेवतं हो? प्रथम त्याबद्दल आभार.

वर्क ऑर्डरमध्ये लवादाचं कलम आपणच घातलं होतं. कोर्टात वर्षं जातात, लवादाकडे झटपट सुटतं, असं आपण चहा पाजून समजावलं होतं. आपला शब्द खरा ठरला. २०१४ मध्ये सुरू झालेलं प्रकरण एप्रिल २०१६ मध्ये निकाली निघालं. निवाडा असा: मुद्दल २० लाख, तोवरचं व्याज ८ लाख, एकूण २८ लाख. पुढच्या व्याजाबद्दल लवाद काही बोलले नाहीत, पण कायदा बोलला. निवाडा गप्प असेल तर पैसे हाती पडेपर्यंत वर्षाला १८ टक्के, असं १९९६ च्या लवाद कायद्याच्या कलम ३१(७) मध्ये आमचं प्रकरण सुरू झालं तेव्हा लिहिलेलं होतं.

इथून पुढे आपल्या व्यासंगाला सलाम. २३ ऑक्टोबर २०१५ ला त्या कायद्यात दोन बदल झाले. एक, १८ टक्क्यांच्या जागी चालू दरापेक्षा २ टक्के जास्त एवढंच व्याज आलं. दोन, निवाड्याला आव्हान दिलं की वसुली आपोआप थांबायची, ती सोय गेली. आपण व्याजासाठी नवा कायदा घेतलात आणि स्थगितीसाठी जुना. एका पंगतीला जिलबी झोडून मठ्ठ्यासाठी दुसऱ्या पंगतीला बसणारे पाहुणे आम्ही पाहिले होते. कोर्टात ते आपण करून दाखवलंत. खरं तर आमचा लवाद त्या तारखेआधी सुरू झालेला, म्हणून व्याज जुनं. आपला आव्हानाचा अर्ज त्या तारखेनंतरचा, म्हणून आपोआप स्थगिती नाही. म्हणजे दोन्ही बाबतींत आपण नेमकं उलटं धरलंत. असा नेम लागायलाही अंगी कसब लागतं.

मार्च २०१८ मध्ये सुप्रीम कोर्टाने बीसीसीआय विरुद्ध कोची क्रिकेट या प्रकरणात स्थगितीचा मुद्दा मिटवला, आणि पुढच्याच महिन्यात आपण कोर्टात १० लाख भरलेत. आम्हाला गहिवरून आलं. मग आपला हिशेबाचा तक्ता वाचला. २० लाखांतून १० गेले, राहिले १०, आणि व्याज ‘भरणा केल्याने बंद’!

शेठ, आमच्या गाळ्यात हिशेब वेल्डरच्या शेजारी बसून होतो, तेव्हा चूकभूल द्यावी घ्यावी. २८ लाखांवर १८ टक्के म्हणजे वर्षाला ५ लाख ४ हजार. दोन वर्षांचे झाले १० लाख ८ हजार. भरणा आधी व्याजात वळता होतो, मग खर्चात, उरला तर मुद्दलात. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर २१ चा हा अर्थ सुप्रीम कोर्टाने २००६ मध्ये गुरप्रीत सिंग प्रकरणात सांगून ठेवलाय. आपले १० लाख व्याजातच विरले, वर ८ हजार बाकी राहिले, आणि निवाड्याच्या २८ लाखांना धक्काही लागला नाही. पैसे भरून काहीच कमी न करण्याची ही युक्ती आमच्या बँकेच्या मॅनेजरला सांगितली; आमच्या कॅश क्रेडिटचा हिशेब मात्र ते असा करत नाहीत म्हणे.

व्याज २८ लाखांवर नको, २० वरच हवं, व्याजावर व्याज हे पाप आहे, असंही आपण लिहून दिलंत. सोबत २०१० चा एस. एल. अरोरा निकाल जोडलात. निकाल खराच आहे. तो नोव्हेंबर २०१४ मध्ये हायडर कन्सल्टिंग प्रकरणात उलटवला गेला, एवढं एक पान आपल्या झेरॉक्सवाल्याकडे राहून गेलं असावं. निवाड्यापर्यंतचं व्याज मुद्दलात मिसळतं आणि पुढचं व्याज त्या बेरजेवर चढतं, असं त्या पानावर आहे. फरक वर्षाला १ लाख ४४ हजारांचा. एवढ्यात आमच्या पोरांचा दिवाळीचा बोनस निघतो, म्हणून आपली आठवण दर दिवाळीला येते.

जुलै २०१९ मध्ये महालक्ष्मी एक्स्प्रेस बदलापूर-वांगणीच्या मध्ये पुरात अडकली होती. नौदल आलं, प्रवासी सुटले, पाणी ओसरलं. आपल्या वकिलांच्या तहकुबीच्या अर्जात मात्र ते पाणी दिवाळीपर्यंत होतं. मध्येच ऑगस्टमध्ये संसदेने कलम ८७ घालून आपली लाडकी स्थगिती परत दिली. २७ नोव्हेंबरला सुप्रीम कोर्टाने ते कलमच रद्द केलं. आपल्या दुःखात आम्ही सहभागी होतो.

मग लॉकडाऊन. लोकल बंद, कोर्ट बंद, सबब व्याजही बंद, असा आपला नवा तक्ता आला. त्या काळात अर्जांच्या मुदती वाढल्या होत्या हे खरं. कर्ज झोपी गेलं होतं, असं मात्र कुणी म्हटलं नव्हतं.

शेजारच्या गाळेवाल्याने लघुउद्योगाची नोंदणी आधीच करून ठेवली होती. २००६ च्या कायद्याने त्याला थकबाकीवर बँक दराच्या तिप्पट व्याज, तेही महिन्याला चक्रवाढ. आणि निवाड्याला आव्हान द्यायचं तर आधी ७५ टक्के रक्कम भरा. त्याची बिलं आपण पंचेचाळीस दिवसांच्या आत चुकती करता, असं कळतं. आपला स्वभाव मुळात किती चोख आहे, हे त्यावरून दिसतं.

आता वसुलीच्या दरखास्तीत आपण मालमत्तेचं प्रतिज्ञापत्र दिलंत, तेही वाचलं. एक टेबल, चार प्लास्टिकच्या खुर्च्या, एक प्रिंटर (नादुरुस्त). चार विंगांच्या धन्याची ही साधी राहणी पाहून बेलिफांनाही संकोच वाटेल. एकच विनंती: ऑफिसचं रोलिंग शटरही आमच्याच गाळ्यातलं आहे. ते यादीत राहून गेलंय, तेवढं वाढवून घ्यावं.

आपला कृपाभिलाषी,
दरखास्तदार

ता. क. उत्तराची घाई नाही. रोजचे १,३८० रुपये चढतायत, आपल्या हिशेबाने नसले तरी.