खुळ्या नोंदकाराचं कौतुक

गुलाल धुऊन निघायच्या आत ज्याचं मत ठरत नाही, तो आमच्याकडे खुळा. भीमेच्या अलीकडे दौंड, पलीकडे शिरूर. याबाबतीत दोन्ही काठांचं एकमत आहे. 2024च्या विधानसभेला शिरूरमध्ये ज्ञानेश्वर कटके 74,550 मतांनी निवडून आले. ‘एवढं लीड असतं का कधी? मशीनमध्ये सेटिंग.’ दौंडमध्ये 2019ला राहुल कुल 746 मतांनी आले होते. ‘एवढ्या थोडक्यात? म्हणजे मोजणीत घोळ.’ लीड मोठं असो की छोटं, संशय घेणाऱ्याचं कुठंच अडत नाही.

विश्वकोशाची नाहीतर विकिपीडियाची नोंद लिहिणारा खुळा मात्र दोन्ही आकडे तसेच टिपतो. लीडवरून चोरी सिद्ध होत नाही आणि सचोटीही होत नाही, एवढं तो धरून बसतो. या खुळेपणाचा मला मनापासून अभिमान वाटतो.

कारण तो कागद मागतो. मतदान संपलं की केंद्राध्यक्ष नमुना 17-सी भरतो. त्यात एकूण किती मतं नोंदली गेली ते असतं, यंत्राचा आणि सीलचा क्रमांक असतो. हजर असलेल्या पोलिंग एजंटला त्याची प्रत मिळते आणि मोजणीला यंत्राची बेरीज त्याच्याशी ताडता येते. ‘रात्रीतून मतं वाढली’ म्हणणाऱ्याला आमचा खुळा विचारतो, ‘कुठल्या बूथवर? 17-सी काय सांगतो?’ लोक चिडतात. चिडू देत.

राजुरा मतदारसंघाचंच घ्या. सप्टेंबर 2025 मध्ये राहुल गांधी म्हणाले, इथं मतदारयादीत 6,850 नावं घुसवली. निवडणूक अधिकारी म्हणाले, 6,861 अर्ज बोगस ठरवून आम्ही फेटाळले आणि पोलिसांत गुन्हाही नोंदवला. शहाणा माणूस आपल्या पक्षाचं वाक्य तेवढं उचलतो. खुळा दोन्ही लिहितो, आणि वर हेही लिहितो की बोगस अर्ज आले यावर दोघांचं एकमत आहे, वाद आहे तो नावं यादीत चढली की नाही याचा. वाचकाला नेमकं हेच हवं असतं. ‘मतचोरी’ हा मथळा घेऊन तो काय करणार? ‘बिनबुडाचे आरोप’ हा मथळाही तितकाच निकामी.

याचा अर्थ प्रत्येक दाव्याला निम्मी जागा द्यायची असा नाही. संध्याकाळी सहानंतरच्या मतदानावरून राज्यातल्या 288 जागांचे निकाल रद्द करा, ही याचिका मुंबई उच्च न्यायालयाने 25 जून 2025 रोजी फेटाळली. हे नोंदीत ठसठशीत यायला हवं, तळटीपेत नाही. आणि 2009च्या पराभवानंतर यंत्रांवर शंका घेणारं पुस्तक भाजपच्याच जी. व्ही. एल. नरसिंह राव यांनी 2010 मध्ये लिहिलं, अडवाणींची प्रस्तावना घेऊन, हेही यायला हवं. हरलेल्याची शंका कुण्या एका पक्षाची मालमत्ता नव्हे. ती घेण्याचा त्याला हक्क आहे, त्यासाठी 45 दिवसांत निवडणूक याचिका करायची वाट कायद्यानेच ठेवली आहे. निकाल लागेपर्यंत नोंदीत ‘प्रकरण प्रलंबित’ राहील. लागला की तो पहिल्या परिच्छेदात येईल, कुणाच्याही बाजूचा असो.

ज्यांना हा माणूस येडा वाटतो, त्यांनी नमुना 20 मधली आपल्या बूथची ओळ काढून बघावी. शिरूरची असो की दौंडची, तिथं प्रत्येक उमेदवाराची मतं बूथवार मांडलेली असतात.