पासवर्ड एकाचा, अब्रू दुसऱ्याची

उंद्रीसारख्या गावातही आता किराणा दुकान, कृषी केंद्र, दवाखाना, जिकडे पाहावं तिकडे कॅमेरे. चोरावर नजर हवीच. पण त्या कॅमेऱ्यात कोण कोण डोकावतंय?

राजकोटचं प्रकरण आठवतं? फेब्रुवारी २०२५. प्रसूती रुग्णालयात तपासणीला आलेल्या महिलांचं चित्रीकरण यूट्यूबवर आलं, टेलिग्रामवर विकलं गेलं. अहमदाबाद पोलिसांनी पकडलेल्यांत लातूरचा एक होता, सांगलीचा एक. तेव्हा ‘गुजरातचं काय ते गुजरात बघेल’ म्हणायची सोय नाही.

रुग्णालयाच्या कॅमेऱ्याचं कुलूप कसं फोडलं? तपासात कळलं, पासवर्ड होता ‘ॲडमिन१२३’.

फोडायला कुलूप होतंच कुठे?

२०१६ मध्ये ‘मिराई’ या घातक प्रोग्रामने कंपनीचे असेच साठेक ठरावीक पासवर्ड लावून पाहिले. जगभरचे लाखो कॅमेरे आणि राउटर त्याच्या ताब्यात गेले. तरी आपण आजही कंपनीचाच पासवर्ड ठेवतो.

कॅमेऱ्याच्या तारा ओढणारा पोरगा डीव्हीआर, म्हणजे रेकॉर्डिंगचा डबा, नेटला जोडतो, मालकाच्या मोबाइलवर ॲप टाकतो, पैसे घेतो, जातो. घरबसल्या दुकान दिसतं म्हणून मालक खूश. पासवर्ड त्या पोरालाही ठाऊक असतो, हे कुणाच्या लक्षात येतं?

सगळ्यात चीड येते ती वेगळ्याच गोष्टीची. कॅमेरा रुग्णालयाचा, हलगर्जी रुग्णालयाची, आणि चव्हाट्यावर आली ती सुई घ्यायला आलेली बाई. तपासणीच्या खोलीत कॅमेरा लागतोच कशाला? तिथून चोर काय नेणार होता?

९ एप्रिल २०२५ पासून नव्या कॅमेऱ्यांना सुरक्षा चाचणी सक्तीची झाली. चांगलं झालं. भिंतीवरचे जुने कोण तपासणार?

मालकानेच. पासवर्ड बदला, लांबलचक ठेवा, बसवणाऱ्यालाही सांगू नका. डीव्हीआर अपडेट करा. बाहेरून पाहायची गरज नसेल तर नेटची वायर काढा; रेकॉर्डिंग तरीही होत राहतं. गरज असेल तर राउटरमधलं पोर्ट फॉरवर्डिंग, म्हणजे बाहेरून थेट आत यायची वाट, बंद करा आणि ॲपला ओटीपीची सोय असेल तर ती चालू करा. आवाज नको असेल तर माइकही बंद. एका दुपारचं काम आहे.

चित्रीकरण बाहेर गेल्याचं कळलं तर लाजून गप्प बसू नका. १९३० या सायबर हेल्पलाइनला फोन करा. संमतीशिवाय कुणाच्या खासगी अंगाचं चित्रीकरण करणाऱ्याला, पसरवणाऱ्याला माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६६ई खाली तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते.

आणि तपासणीच्या खोलीत कॅमेरा दिसला, तर पदर सावरत बसू नका, ताई. आधी तो काढायला लावा, मग तपासणी.