‘शांत’ नातवाच्या आजोबांचे पत्र

बाळनावांच्या याद्या करणारे अनामिक अर्थकार यांस,
सा. न. वि. वि.

पत्रास कारण की, गेल्या महिन्यात बंगळुरात मल्लेश्वरमला आमच्या घरी बारसं झालं. ताटात तांदूळ पसरून अंगठीने नाव लिहिलं, आत्याने बाळाच्या कानात कुर्र केलं आणि नाव ठेवलं ‘आरव’. अर्थ तुमच्याच यादीतला: ‘शांत, सौम्य’. दारात उभा राहून येईल त्याला मी तो मोठ्या तोंडाने ऐकवत होतो.

शेजारचे मेष्ट्रु, म्हणजे निवृत्त संस्कृत शिक्षक, कोसंबरीचा घास हातात धरून थांबले. ‘शांत?’ एवढंच म्हणाले. मग घरी जाऊन आपट्यांचा कोश घेऊन आले. वामन शिवराम आपट्यांनी १८९० मध्ये पुण्यात काढलेल्या कोशाची पुढची कुठलीशी आवृत्ती, पुठ्ठा सुटलेली. त्यात आरव म्हणजे आवाज, ओरडा, गलका. अमरकोशानेही त्याला ध्वनीवाचक शब्दांच्या रांगेत बसवलंय, म्हणाले. पुण्याचा कोश बंगळुरात कानडी माणसाने मला उघडून दाखवावा, ही शोभा कमी होती म्हणून की काय, आतून सौभाग्यवतींचा आवाज आला: ‘अहो, पहाटे कोंबडा काय करतो?’

आरवतो. साठ वर्षं मराठी बोलतोय, आणि हे मला बायकोने सांगावं लागलं.

तुमचं कुठे चुकलं असावं याचा मी अंदाज केला. ‘नीरव’ म्हणजे रव नसलेला, शांत. यादी उतरवताना एका ओळीचा अर्थ दुसरीवर घसरला असेल. पण मग ‘अनय’चं काय? राधेच्या नवऱ्याचं नाव म्हणून कुणी ठेवलं तर ठेवो बापडा. कोशात मात्र अनय म्हणजे अनीती, वाईट वर्तन. तुम्ही त्याला ‘ज्याच्याहून श्रेष्ठ कोणी नाही असा’ करून टाकलंत. आणि ‘रेयांश’! अंश संस्कृत, हे कबूल. पण ‘प्रकाशकिरण’ या अर्थाचा तो ‘रे’ इंग्रजांच्या घरून आलाय. संस्कृतात ‘रे’ म्हणजे ‘अरे’.

पुण्याला डेक्कन कॉलेजात १९४८ पासून संस्कृतचा महाकोश चाललाय. सुमारे दीड हजार ग्रंथ चाळून जवळजवळ एक कोटी चिठ्ठ्या केल्या, पहिला खंड १९७६ मध्ये निघाला आणि पस्तीस खंड झाले तरी गाडी ‘अ’वरच. कोणता शब्द कुठे, कधी, कोणत्या अर्थाने आला, हे एकेक करून बघायचं म्हणजे वेळ लागणारच. बिचाऱ्यांना तुमचा पत्ता माहीत नव्हता. ‘ज्ञ’पर्यंतचं काम तुम्ही एका दुपारी उरकून दिलं असतंत, वर शुभ रंग आणि शुभ अंकही दिला असतात.

आमच्या इथल्या काडु मल्लेश्वराच्या देवळाला एकोजीराजांनी, म्हणजे शिवाजी महाराजांच्या सावत्र भावाने, १६६९ मध्ये एक गाव इनाम दिलं. ते दगडावर कोरून ठेवलं म्हणून आजही कुणाला शंका नाही. तुम्ही छिन्नी हातात घ्या असं म्हणत नाही. कोश उघडायला बोट पुरतं.

नावाबद्दल तक्रार नाही, हे स्पष्ट लिहितो. ‘नाद’, ‘गर्जना’ असा खरा अर्थ छापला असतात तरी आम्ही आरवच ठेवलं असतं. आमच्या पणज्यांनी मुलं जगावीत म्हणून दगडू, धोंडू, भिकू अशी नावं ठेवली. त्यापुढे ‘हिमालयासारखा अचल’ असं कुणी लिहिलं नाही. धोंडू म्हणजे धोंडा, आणि त्या नावाचे धोंडो केशव कर्वे एकशेचार वर्षं जगले.

आमचा आरव रात्री तीनला आपट्यांच्या बाजूने साक्ष देतो. समोरच्या इमारतीत दिवे लागतात.

कळावे,
आरवचा आजोबा

ता. क. भाचीने मुलासाठी ‘कियान’ ठरवलंय. तुमच्या यादीत ‘देवाची कृपा’. संस्कृतात ‘कियान्’ म्हणजे ‘केवढा?’, ‘किती?’. आठव्या क्रॉसच्या बाजारात अवरेकाईच्या शेंगांच्या ढिगापुढे आम्ही कानडीत ‘एष्टु?’ म्हणतो, साधारण तेच. बारशाला अर्थ सांगायचं काम माझ्याकडे आलंय. काय सांगू, तेवढं उलटटपाली कळवा.